प्रतिसृष्टीतील कालगणना : टॉल्किन यांच्या मध्यभूमीतील पवित्र दिवसांचा विचार

विश्वामित्राने त्रिशंकूसाठी प्रतिसृष्टी निर्माण करावयास घेतली, तेव्हा त्याने आरंभी डोंगर, नद्या वा माणसे घडविली नाहीत. वाल्मीकिरामायणाच्या बालकांडातील कथेप्रमाणे त्याने दक्षिण दिशेस नवे सप्तर्षी आणि नवी नक्षत्रमाला निर्माण केली. महाभारताच्या आदिपर्वात तर श्रवणापासून आरंभ होणारी नक्षत्रे त्याने रचिली, असा उल्लेख येतो. नक्षत्रगणनेचा आरंभ बदलणे म्हणजे कालगणनेचाच आरंभ बदलणे होय. नवे जग उभे करावयाचे तर त्याचा काळही नवा असला पाहिजे, ही जाण या कथेच्या मुळाशी दिसते.

विसाव्या शतकातील इंग्रजी साहित्यात ही जाण सर्वाधिक चिकाटीने जोपासणारा लेखक म्हणजे जे. आर. आर. टॉल्किन (१८९२-१९७३). ऑक्सफर्ड विद्यापीठात १९२५ ते १९४५ या काळात प्राचीन इंग्रजीचे आणि पुढे १९५९ पर्यंत इंग्रजी भाषा व साहित्याचे प्राध्यापक असलेल्या टॉल्किन यांनी १९५४-५५ मध्ये 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' ही तीन खंडांतील कादंबरी प्रसिद्ध केली. तिच्या तिसऱ्या खंडाला जोडलेल्या परिशिष्टांपैकी एक परिशिष्ट केवळ कालगणनेला वाहिलेले आहे. कादंबरीचे सामान्य वाचक ते बहुधा वगळतात. अभ्यासकही पुष्कळदा लेखकाचा भाषाशास्त्रीय छंद म्हणून त्याकडे पाहतात. प्रस्तुत लेखात मात्र या परिशिष्टाचा विचार कादंबरीच्या अर्थरचनेचा एक आवश्यक भाग म्हणून केला आहे. ज्या कथेत देऊळ, पुरोहित, पूजा आणि प्रार्थना यांना जवळजवळ स्थान नाही, त्या कथेत पावित्र्याचे अधिष्ठान कोठे आहे, हा येथील मुख्य प्रश्न होय. ते कालगणनेत आहे, असे या लेखाचे प्रतिपादन आहे.

१. पावित्र्याची जागा

टॉल्किन श्रद्धाळू कॅथलिक होते. डिसेंबर १९५३ मध्ये रॉबर्ट मरे या धर्मगुरूंना लिहिलेल्या पत्रात त्यांनी आपली कादंबरी मूलतः धार्मिक असल्याचे सांगितले आणि याच कारणास्तव तिच्यातून धर्म, उपासनापंथ व विधी यांचे जवळजवळ सर्व उल्लेख गाळले, असा खुलासा केला. प्रथमदर्शनी हा विरोधाभास वाटतो. परंतु धर्म कथेत सांगितला गेला नसून कथेच्या घडणीत मुरविला गेला आहे, एवढाच त्याचा अर्थ. ही घडण पाहावयाची असेल तर त्या जगातील माणसे कोणता दिवस इतर दिवसांपासून वेगळा काढतात, हे पाहणे उपयुक्त ठरते.

एमिल दुर्खीम यांनी १९१२ मध्ये धार्मिक जीवनाच्या आदिम रूपांचा विचार मांडताना पवित्र वस्तूचे लक्षण 'वेगळे काढलेले' असे केले आणि दिनदर्शिका ही समूहजीवनाच्या लयीची अभिव्यक्ती असल्याचे दाखविले. मिर्चा एलियादे यांनी १९५७ मध्ये पवित्र काळ व लौकिक काळ यांतील भेद स्पष्ट केला. लौकिक काळ सरतो. पवित्र काळ मात्र सणाच्या रूपाने पुन्हा पुन्हा वर्तमान होतो. या दोन सूत्रांच्या आधारे मध्यभूमीतील कालगणनेकडे पाहिले असता तिच्यातील एक वैशिष्ट्य चटकन लक्षात येते. तेथील जवळजवळ प्रत्येक दिनदर्शिकेत काही दिवस कोणत्याही महिन्यात वा ऋतूत न मोजता बाहेर ठेवलेले आहेत.

बाहेर ठेवलेल्या काळाची ही कल्पना टॉल्किन यांच्या पुराणकथेच्या मुळापर्यंत जाते. लेखकाच्या मृत्यूनंतर १९७७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'द सिल्मरिलियन' या ग्रंथात सूर्यचंद्रांच्या पूर्वीचे जग वर्णिले आहे. त्या जगात दोन वृक्ष आळीपाळीने प्रकाशतात. प्रत्येक वृक्षाचा प्रकाश सात तासांत वाढून मावळतो आणि एकाचा प्रकाश संपण्यापूर्वी तासभर दुसरा उजळू लागतो. त्यामुळे दिवस बारा तासांचा होतो. पहिला वृक्ष एकटाच प्रथम प्रकाशला तो आरंभीचा तास मात्र देवसदृश वालार तासांच्या गणतीत धरीत नाहीत. आपल्या युगांची मोजणी ते त्या तासापासून करतात, पण त्याला मोजत नाहीत. ज्यापासून गणना सुरू होते ते गणनेच्या बाहेर राहते, हे तत्त्व पुढील सर्व दिनदर्शिकांत निरनिराळ्या रूपांनी आढळते.

२. एल्फांचा अखंड आठवडा

मध्यभूमीत मानवांपूर्वी वावरणारे, मृत्यूचा नियम नसलेले लोक म्हणजे एल्फ. त्यांच्या 'येन' या शब्दाचा अनुवाद वर्ष असा होत असला तरी तो १४४ सौरवर्षांचा काळ आहे. सहा आणि बारा या संख्या त्यांना प्रिय आहेत. एका येनमध्ये ५२,५९६ दिवस येतात. दिवसाची गणना सूर्यास्तापासून सूर्यास्तापर्यंत होते. आठवडा सहा दिवसांचा असून तो व्यवहारासाठी नव्हे तर विधीसाठी पाळला जातो, असे परिशिष्टात स्पष्ट म्हटले आहे. संपूर्ण येनमध्ये असे ८,७६६ आठवडे कोठेही खंड न पडता मोजले जातात.

या आठवड्याचे वार अनुक्रमे तारे, सूर्य, चंद्र, दोन वृक्ष, आकाश आणि वालार यांच्या नावांचे आहेत. शेवटचा वार सर्वश्रेष्ठ. ही नावे म्हणजे एल्फांच्या पुराणाची सहा शब्दांतील उजळणी होय. मावळून गेलेल्या दोन वृक्षांचा वार चालूच राहतो, हे येथे महत्त्वाचे. जे जगातून नाहीसे झाले आहे ते वारांच्या चक्रात टिकून राहते.

रिव्हेंडेल येथील एल्फांच्या सौरवर्षात बारा महिन्यांऐवजी सहा ऋतू आहेत. वसंत, सुगी, पानगळ आणि वसंतापूर्वीची चाहूल असे चार ऋतू प्रत्येकी ५४ दिवसांचे आणि उन्हाळा व हिवाळा प्रत्येकी ७२ दिवसांचे, मिळून ३६० दिवस होतात. उरलेल्या पाच दिवसांपैकी एक वर्षारंभी, एक वर्षाअखेर आणि तीन मध्ये, असे ते ऋतूंच्या बाहेर राहतात. प्रत्येक बाराव्या वर्षी मधले तीन दिवस दुप्पट करून सूर्याशी मेळ घातला जातो आणि दर तिसऱ्या येनच्या अखेरच्या वर्षी ही वाढ वगळली जाते. चारशे बत्तीस वर्षांतून एकदा करावयाची ही दुरुस्ती एखाद्या मानवी पिढीला क्वचितच दिसेल. एल्फांच्या दृष्टीने मात्र ती एका आयुष्यातील गोष्ट आहे. मर्त्य आणि अमर्त्य यांच्यातील अंतर येथे कोणत्याही भाष्याविना, केवळ एका अंकाने व्यक्त झाले आहे.

३. न्यूमेनॉर : शिखर आणि मंदिर

न्यूमेनॉर हे समुद्रातील बेट म्हणजे एल्फांकडून विद्या घेतलेल्या मानवांचे राज्य. त्यांनी एल्फांची गणना स्वीकारली, पण ती आपल्या प्रकृतीप्रमाणे बदलून. वर्ष मध्यहिवाळ्यात सुरू करण्याची आपल्या पूर्वजांची रीत त्यांनी सोडली नाही. दिवस सूर्योदयापासून मोजावयास आरंभ केला. दोन वृक्षांच्या वाराचे नाव त्यांनी एकवचनी करून आपल्या राजवाड्यातील श्वेतवृक्षाशी जोडले. ते दर्यावर्दी असल्यामुळे आकाशवारानंतर एक समुद्रवार घातला आणि आठवडा सात दिवसांचा केला. वारांच्या नावांतील हा फरक लहान दिसतो. परंतु विश्वाच्या पुराणातून राज्याच्या पुराणाकडे झालेला प्रवास त्यात स्पष्ट उमटला आहे.

१९८० मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'अनफिनिश्ड टेल्स' या संग्रहात या बेटाचे जे वर्णन आहे, त्यातून तेथील उपासनेची माहिती मिळते. बेटाच्या मध्यावरील मेनेलतार्मा पर्वताच्या शिखरावर वर्षातून तीन वेळा विधी होत असे : वसंतारंभी प्रार्थना, मध्यउन्हाळ्यात स्तवन आणि शरदाच्या अखेरीस कृतज्ञतेचा उच्चार. राजा पायी चढे, शुभ्र वस्त्रे व माळा धारण केलेला जनसमुदाय त्याच्यामागे निःशब्द चाले आणि शिखरावर राजाखेरीज कोणीही बोलत नसे. तेथे मंदिर नव्हते, वेदी नव्हती, रचलेल्या दगडांची साधी रासही नव्हती. पवित्र स्थळ रिकामे ठेवलेले आणि पवित्र काळ नेमून दिलेला, असा हा धर्म होता.

न्यूमेनॉरच्या ऱ्हासाची खूण म्हणूनच कालगणनेच्या भाषेत सांगितली जाते. पहिली फळे अर्पण करण्याकडे दुर्लक्ष होते, शिखरावर जाणारी माणसे विरळ होत जातात. उशिरा आलेला एक पश्चात्तापी राजा, तार-पालान्तिर, नेमल्या काळी पुन्हा शिखरावर जाऊ लागतो. त्याच्यानंतर सत्ता बळकावणारा अखेरचा राजा साउरॉनच्या सल्ल्याने एक भव्य मंदिर उभारतो, त्यात श्वेतवृक्ष जाळला जातो आणि नरबळी दिले जातात. त्या बेटावरील हे एकमेव मंदिर होय. जेथे दिवस पाळले जात होते तेथे वास्तू नव्हती. वास्तू उभी राहिली तेव्हा दिवस बुडाले होते. धर्माच्या बाह्य वैभवाविषयीचा टॉल्किन यांचा संशय या विरोधातून जितका स्पष्ट होतो, तितका तो कादंबरीत अन्यत्र क्वचितच होतो.

बेट बुडते आणि वाचलेले लोक मध्यभूमीत येतात. सात वारांचा आठवडा त्यांच्याबरोबर येतो. वृक्षवार येतो, जरी मूळ वृक्ष जळाला आहे; समुद्रवारही येतो, जरी त्याच समुद्राने मायभूमी गिळली आहे.

४. तुटीचा हिशेब

टॉल्किन यांच्या कालगणनेला विश्वसनीयता कशामुळे येते, याचा शोध घेताना परिशिष्टातील सर्वांत रुक्ष भाग सर्वाधिक उपयोगी पडतो. निर्दोष दिनदर्शिका कागदावर आखणे कठीण नाही. इतिहास असलेली दिनदर्शिका मात्र सदोषच असते. न्यूमेनॉरच्या पद्धतीत दर चौथ्या वर्षी एक दिवस वाढे, शतकाच्या अखेरच्या वर्षी वाढत नसे आणि सहस्रकाच्या अखेरीस विशेष भर घालून तूट भरून काढली जाई. तरीही हजार वर्षांमागे ४ तास ४६ मिनिटे ४० सेकंदांची तूट उरे. पुढे दुसरे युग संपून तिसरे सुरू झाले, वर्षांचे आकडे नव्याने मोजले जाऊ लागले आणि वाढीव वर्ष एक वर्षाने पुढे गेले. सहस्रकी भर आता नव्या युगाच्या १००० व २००० या वर्षी पडू लागली. म्हणजे ती ४४१ वर्षे उशिरा पडली. युग बदलण्याचा मान राजकारणाने घेतला, त्याची किंमत ज्योतिर्गणिताने मोजली.

ही गोंधळाची स्थिती निस्तरण्यासाठी गोंडोर राज्याचा कारभारी मार्डिल याने २०५९ या वर्षात दोन दिवस अधिक घातले आणि २०६० पासून सुधारित गणना सुरू केली. राजाविना चालणाऱ्या राज्यात पहिली मोठी कालसुधारणा राजाने नव्हे, कारभाऱ्याने केली, ही बाब अर्थपूर्ण आहे. त्याने सर्व महिने ३० दिवसांचे केले आणि वर्षारंभ, मध्य व वर्षान्त या महिन्यांबाहेरील तीन दिवसांत वसंतदिन आणि शरददिन अशी दोन दिवसांची भर घातली. हाडोर या दुसऱ्या कारभाऱ्याने २३६० मध्ये आणखी एक दिवस वाढविला. त्यानंतर दुरुस्ती झाली नाही. तिसऱ्या सहस्रकाच्या अखेरीस युद्धाचे सावट असल्यामुळे या गोष्टींकडे कोणाचे लक्ष राहिले नाही, असे परिशिष्टकार सांगून जातो. या एका विधानात राज्याच्या अवस्थेचे जे चित्र उमटते ते लढाईच्या वर्णनातही उमटत नाही. काळाकडे लक्ष देणे हे स्वस्थतेचे लक्षण आहे. ते सुटले की राज्य केवळ तगून राहण्यासाठी जगत आहे, असे समजावे.

काळाविषयीची ही काटेकोर वृत्ती कादंबरीच्या लेखनप्रक्रियेतही दिसते. मे १९४४ मध्ये मुलाला लिहिलेल्या एका पत्रात टॉल्किन यांनी चंद्राने आपणास कसे अडचणीत आणले ते सांगितले आहे. कथेच्या एका धाग्यात चंद्र उगवत होता आणि त्याच वेळी दुसऱ्या धाग्यात मावळत होता. हा मेळ बसविण्यासाठी त्यांनी मागील प्रकरणांचे भाग पुन्हा लिहिले. दूर विखुरलेली पात्रे एकाच आकाशाखाली आहेत, ही वाचकाची खात्री अशा परिश्रमांतून येते.

५. शायर : विसरलेले अर्थ आणि पाळलेले दिवस

शायर हा हॉबिटांचा, म्हणजे ठेंगण्या, शेतीवाडीत व खाण्यापिण्यात रमणाऱ्या लोकांचा प्रदेश. त्यांच्या वर्षात ३० दिवसांचे बारा महिने असून पाच दिवस महिन्यांबाहेर आहेत. मध्यहिवाळ्यातील 'यूल'चे दोन दिवस म्हणजे वर्षाचा शेवटचा आणि पहिला दिवस. मध्यउन्हाळ्यात 'लाइद'चे दोन दिवस आणि त्यांच्यामधला मध्यदिन. दर चौथ्या वर्षी, शतकाचे अखेरचे वर्ष वगळता, मध्यदिनानंतर 'ओव्हरलाइद' नावाचा एक अधिक दिवस येतो आणि तो विशेष मौजेचा असतो.

बारा महिने अधिक पाच दिवस ही रचना जगाच्या इतिहासात नवी नाही. प्राचीन इजिप्तमध्ये वर्षाचे हे वरचे पाच दिवस ओसायरिस, होरस, सेत, आयसिस आणि नेफ्थिस यांचे जन्मदिवस मानले जात. मेक्सिकोतील ॲझ्टेक लोकांत ते अशुभ गणले जात. फ्रेंच राज्यक्रांतीने १७९३ मध्ये स्वीकारलेल्या दिनदर्शिकेतही महिन्यांबाहेरील हे दिवस होते. ती दिनदर्शिका नेपोलियनने १८०६ च्या आरंभी बंद केली. मराठी वाचकाला येथे अधिक मासाची आठवण होणे स्वाभाविक आहे. अधिक मासात विवाहादी मंगलकार्ये वर्ज्य, पण दानधर्म विशेष फलदायी. मलमास म्हणून तो हिणवला जातो आणि पुरुषोत्तम मास म्हणून गौरविलाही जातो. जावयाला तेहतीस अनारशांचे वाण त्याच 'धोंड्याच्या महिन्या'त दिले जाते. गणितातून उरलेला काळ समाज तसाच सोडून देत नाही. तो त्याला भीती तरी चिकटवितो, नाही तर आनंद, कधी दोन्ही. हॉबिटांनी आनंद निवडला.

शायरमधील महिन्यांची नावे टॉल्किन यांनी अँग्लो-सॅक्सन नावांवरून घेतली आहेत. बीड या इंग्रज ख्रिस्ती साधूने ७२५ मध्ये लिहिलेल्या कालगणनाविषयक लॅटिन ग्रंथाच्या पंधराव्या प्रकरणात आपल्या ख्रिस्तपूर्व पूर्वजांच्या महिन्यांची नावे नोंदविली आहेत. त्यांत यूल आणि लिथा आहेत. हरेथा व एओस्त्रे या देवतांचे महिने आहेत. पवित्र विधींचा महिना आणि पशुबळींचा महिना आहे. त्या लोकांत अधिक मास उन्हाळ्यात पडे आणि त्या वर्षी तीन लिथा होत, असेही बीड सांगतो. टॉल्किन यांनी हा अधिक महिना आकसून एका दिवसाचा केला. देवतांची व बळींची नावे हॉबिटांच्या तोंडी राहिली, पण झिजलेल्या रूपात. त्यांमागील विधींची शायरमध्ये कोणाला कल्पना नाही. जुन्या धर्माची नावे आस्थेने टिपून ठेवणारा ख्रिस्ती साधू आणि आपल्या कल्पित जगात तीच नावे धर्माविना नांदविणारा कॅथलिक प्राध्यापक यांच्यात बाराशे वर्षांचे अंतर असले तरी वृत्ती एकच आहे.

वारांचेही तसेच झाले. न्यूमेनॉरचे सात वार भाषांतरित होऊन हॉबिटांकडे आले आणि त्यांचे अर्थ लवकरच विस्मृत झाले. हॉबिटांना समुद्राचे भय वाटते. त्यांच्यात समुद्र हे मृत्यूचे प्रतीक आहे. तरीही त्यांच्या आठवड्यात समुद्रवार आहे. वालारांचा श्रेष्ठ वार त्यांच्याकडे केवळ 'उच्चवार' राहिला. दुपारनंतर सुटी आणि संध्याकाळी मेजवानी, एवढाच त्याचा आचार. देव विसरले गेले, सुटी मात्र राहिली.

या विस्मरणाचा एक विलक्षण परिणाम म्हणजे 'शायर-सुधारणा'. दर वर्षी तारखेचा वार एकेक दिवसाने सरकतो, ही हॉबिटांना गैरसोय वाटली. म्हणून त्यांनी मध्यदिन आणि ओव्हरलाइद हे दोन दिवस वारांतून काढून टाकले. त्यामुळे वर्षात नेमके बावन्न आठवडे राहिले आणि प्रत्येक तारखेला कायमचा एकच वार मिळाला. पत्रांत वार लिहिण्याची गरजच उरली नाही. महिन्याची पहिली तारीख शुक्रवारी कधीच पडत नसल्याने 'पहिल्या तारखेचा शुक्रवार' म्हणजे न घडणाऱ्या गोष्टीचा दिवस, असा वाक्प्रचारही रूढ झाला. मराठीत सूर्य पश्चिमेला उगवतो, तशी शायरमध्ये त्या शुक्रवारी झाडे चालतात. कादंबरीत झाडे खरोखरच चालतात, हे ज्याने दुसरा खंड वाचला आहे त्याला ठाऊक असते.

या सुधारणेचे महत्त्व समजण्यासाठी वास्तवातील एक घटना लक्षात घ्यावी. १९३० मध्ये एलिझाबेथ अकेलिस यांनी स्थापन केलेल्या संस्थेने पुरस्कारिलेल्या 'जागतिक दिनदर्शिके'त हीच युक्ती होती : वर्षाअखेरचा एक दिवस आणि प्लुत वर्षातील मध्यावरचा एक दिवस वारांविना ठेवायचा. भारताने हा प्रस्ताव १९५३ मध्ये संयुक्त राष्ट्रसंघाच्या आर्थिक व सामाजिक परिषदेकडे नेला. भारतीय कालगणना सुधारणा समितीचे अध्यक्ष मेघनाद साहा त्याचे खंदे पुरस्कर्ते होते. १९५५ मध्ये अमेरिकेने धार्मिक आक्षेपांचा हवाला देऊन त्याला विरोध केला. ज्यू, ख्रिस्ती आणि मुस्लिम परंपरांत सात दिवसांचे चक्र अखंड चालते. त्यात वारहीन दिवस घातला की पुढचा प्रत्येक शब्बाथ आणि रविवार चुकीच्या दिवशी येतो. साहांच्या समितीने भारतासाठी सुचविलेली राष्ट्रीय दिनदर्शिका २२ मार्च १९५७ पासून अमलात आली, ती मात्र आठवड्याला हात न लावता.

जी सुधारणा जगाला धर्मामुळे अशक्य झाली ती शायरमध्ये सहज झाली, कारण तेथे आठवडा पवित्र उरला नव्हता. एल्फांनी येनभर खंड न पडू देता मोजलेला विधीचा आठवडा आणि हॉबिटांनी सोयीसाठी तोडलेला आठवडा ही या कालगणनेची दोन टोके आहेत. टॉल्किन यांनी हॉबिटांना त्यासाठी दोष दिलेला नाही. ब्रीपलीकडे प्रवास करताना ही व्यवस्था फारशी सोयीची पडत नसे, एवढेच ते मिस्किलपणे नोंदवितात. शायरचे सुख आणि शायरची मर्यादा एकाच वाक्यात येते.

६. नव्या गणनेचा आरंभदिन

साउरॉनच्या सत्तेचा आधार असलेली अंगठी नष्ट होते तो दिवस २५ मार्च. गोंडोरमध्ये सुरू झालेल्या नव्या गणनेत हाच दिवस वर्षारंभ ठरतो. पाश्चात्त्य ख्रिस्ती परंपरेत २५ मार्च हा मरियमेला देवदूताने दिलेल्या संदेशाचा दिवस आहे आणि एका जुन्या समजुतीप्रमाणे ख्रिस्ताच्या क्रूसावरील मृत्यूचाही. इंग्लंडमध्ये १७५१ पर्यंत कायदेशीर वर्ष त्याच दिवशी सुरू होत असे. टॉम शिपी यांनी १९८२ मधील आपल्या ग्रंथात या संबंधाकडे लक्ष वेधले आहे. फ्रोडो आणि त्याचे सोबती रिव्हेंडेलहून निघतात तो दिवस २५ डिसेंबर, हेही येथे लक्षात घ्यावे. कथेत यांपैकी एकाही गोष्टीचा उच्चार नाही. धर्माचे उल्लेख गाळूनही कथा धार्मिक राहते, या पत्रातील विधानाचा हा सर्वांत ठळक पुरावा म्हणता येईल.

परंतु ख्रिस्ती संदर्भ बाजूला ठेवला तरी या निवडीला स्वतंत्र अर्थ आहे. नवा राजा नवा शक सुरू करतो ही जगभरची रीत आहे. शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक शक १६७४ मधील ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीपासून, म्हणजे राज्यारोहणाच्या दिवसापासून मोजला गेला. सार्वभौमत्वाची घोषणा त्यात होती. गोंडोरमध्ये अॅरागॉर्नचा राज्याभिषेक १ मे रोजी होतो, पण वर्ष त्या दिवसापासून सुरू होत नाही. ते सुरू होते दोन सामान्य हॉबिट मरणाच्या दारात पोहोचले होते त्या दिवसापासून. ज्या दिवशी राजा दूर एका हरण्यासारख्या लढाईत उभा होता, तो दिवस राजाने आपल्या अभिषेकाहून वरचा मानला. शिवाय फ्रोडोच्या जन्मदिवसाला 'अंगठीदिन' असे नाव देऊन तो सण केला गेला आणि चौथ्या वर्षीचा अधिक दिवस त्याच सणाला दुप्पट करून साधला गेला. गणिताला लागणारा वरचा दिवस सिंहासनाच्या नव्हे, एका हॉबिटाच्या नावाने जमा झाला. राजसत्तेने स्वतःला कालगणनेत दुय्यम स्थान दिले, हा या कादंबरीचा राजकीय आशय होय. आणि तो संवादांत नव्हे, दिनदर्शिकेत सांगितला आहे.

एलियादे यांच्या सूत्राची मर्यादाही येथे दिसते. गोंडोरचा नवा सण सृष्टीच्या आरंभाकडे परत नेत नाही. इतिहासातील एका कृत्याचे स्मरण करतो. वर्षारंभ हिवाळ्यातून वसंतात नेल्यामुळे तो एल्फांच्या जुन्या रीतीकडेही वळतो. निसर्गचक्र आणि इतिहास यांचा मेळ घालण्याचा हा प्रयत्न आहे.

७. समारोप

ज्यांच्या गौरवासाठी गोंडोरने नवी गणना सुरू केली, त्या हॉबिटांनी ती स्वीकारली नाही. शायरमध्ये जुनीच दिनदर्शिका चालू राहिली. २५ मार्च किंवा फ्रोडोचा जन्मदिवस तेथे पाळला गेल्याची नोंद नाही. मात्र हॉबिटन टेकडीच्या आसपास ६ एप्रिल रोजी, हवा बरी असेल तर, मैदानात नाच करण्याची प्रथा पडली. काही म्हणत, तो सॅम माळ्याचा वाढदिवस आहे. काही म्हणत, त्या दिवशी सुवर्णवृक्षाला प्रथम बहर आला. आणि काही म्हणत, ते एल्फांचे नववर्ष आहे.

शासनाने ठरविलेला सण आणि गावाने धरून ठेवलेला दिवस यांतील हा फरक टॉल्किन यांनी कोणताही निवाडा न देता नोंदविला आहे. गोंडोरच्या सणाला अधिकृत कारण आहे. शायरच्या नाचाला तीन कारणे सांगितली जातात, म्हणजेच निश्चित कारण कोणालाच ठाऊक नाही. परंतु न्यूमेनॉरच्या राजांना आपल्या तीन सणांची कारणे पूर्ण ठाऊक असूनही ते सण बुडाले होते, याचे स्मरण येथे ठेवावे लागते. अर्थ माहीत असणे ही दिवस टिकण्याची हमी नव्हे आणि अर्थ विसरला जाणे म्हणजे दिवस मरणे नव्हे. कल्पित जगातील कालगणनेचे मूल्यमापन करताना ती किती बिनचूक आहे हे पाहण्यापेक्षा तिच्यात दुरुस्तीला, विस्मरणाला आणि लोकांच्या हट्टाला किती जागा ठेवली आहे, हे पाहणे म्हणूनच अधिक इष्ट ठरते. टॉल्किन यांच्या परिशिष्टात ती जागा आहे. त्यांच्या प्रतिसृष्टीत कोणी जगून गेले असावे असे वाटते, त्याचे एक कारण ही जागा होय.